कपडेपटाचा कैवार

दिवाळी आठ दिवसांवर आली की आमच्या शाहूपुरीत घरोघर माळ्यावरचे सामान खाली येते. गाद्या उन्हात पडतात, डबे घासले जातात, आणि वर्षभर ज्यांच्याकडे कोणी ढुंकून पाहिले नाही अशा ट्रंका अंगणात उघड्या होतात. मग घरातली कर्ती माणसे न्यायाधीशासारखी बसून निकाल देतात : हे ठेवा, हे टाका, हे बोहारणीला द्या. या निकालावर अपील नसते. वाचकहो, ऐन सणाच्या तोंडावर मी भांडण उकरून काढतो आहे याबद्दल क्षमा असावी. पण माझे भांडण या माळ्यावरच्या न्यायनिवाड्याशीच आहे, आणि आरोपीच्या पिंजऱ्यात पहिला उभा मीच आहे.

आमचे एक चुलते होते. त्यांचे नाव सांगून उपयोग नाही, कारण ते कुठेही छापलेले तुम्हांला आढळणार नाही. कोल्हापुरात बोलपटांचा धंदा भरात होता त्या काळात ते इथल्याच एका स्टुडिओच्या कपडेपटात कामाला होते. 'कपडेपट' हा शब्द नाटक कंपन्यांनी रूढ केला आणि सिनेमावाल्यांनी तो जसाच्या तसा उचलला. राजापासून भालदारापर्यंत सर्वांचे पोशाख शिवणे, रंगवणे, सांभाळणे, अंगावर चढवणे आणि संध्याकाळी मोजून परत घेणे एवढे सगळे त्या एका शब्दात येते. काका हे सर्व करीत; शिवाय गर्दीच्या प्रसंगात माणूस कमी पडला की स्वतः पोशाख चढवून कॅमेऱ्यापुढे उभे राहत. सकाळी मावळा आणि दुपारी मोगल, असे एकाच लढाईत दोन्ही पक्षांकडून त्यांना मरण आलेले आहे. आमची काकू थिएटरात बसली म्हणजे पडद्याकडे बोट दाखवून मोठ्याने म्हणे, "त्ये बघा, आमचे पडले!" आणि आम्ही पोरे टाळ्या वाजवत असू.

म्हणजे काका नटही होते आणि वेशकारही होते. पण नटांच्या यादीत ते नव्हते, कारण ते गर्दीतले. आणि कलावंतांच्या यादीत नव्हते, कारण ते कपडेपटातले. पडद्यावर नावे झरझर वर जात तेव्हा आम्ही डोळे ताणून पाहत असू. एकदाही ते नाव आले नाही. काकांना त्याचे काही वाटत नसे. ते म्हणत, "बाळ, कपड्याकडं कुणाचं ध्यान गेलं न्हाई म्हंजे काम झ्याक झालं म्हणायचं."

आता हे काम काय होते ते ऐका, कारण माझ्या सगळ्या तक्रारीचे मूळ त्याच्या अज्ञानात आहे. काळ्यापांढऱ्या चित्रपटात रंग दिसत नाहीत, म्हणून रंगाची पर्वा नको, असे तुम्हांआम्हांला वाटेल. खरी गोष्ट नेमकी उलट. मूकपटांच्या काळात जी फिल्म सर्रास वापरीत तिला तांबडा रंग काळा दिसे आणि निळा जवळजवळ पांढरा. कुंकवाच्या रंगाचा शालू नेसवलात तर राणी काळ्या कपड्यांत, आणि आकाशी शेला दिलात तर पांढऱ्या! पुढे फिल्म सुधारली, तरी सारख्या गडदपणाचे तांबडे आणि हिरवे वस्त्र शेजारी आले की पडद्यावर एकाच राखाडी रंगाचे दिसत. काठ आणि पदर एकमेकांत बुडून जात. शुभ्र पांढऱ्या कपड्याची तऱ्हा आणखी वेगळी. दिव्यांच्या झोतात तो असा उजळे की त्यापुढे नटाचा चेहरा हरवून जाई. म्हणून काका पांढरी धोतरे आणि बाराबंद्या चहाच्या पाण्यात बुचकळून काढीत. आमच्या परसात दोरीवर चहाच्या रंगाचे मावळे वाळत पडलेले मी स्वतः पाहिले आहेत.

चिलखत लोखंडाचे असते हे शाळेतल्या पोरालाही ठाऊक आहे. काकांचे चिलखत जाड सुताचे विणलेले असे आणि त्यावर रुपेरी रंगाचा हात फिरवलेला असे. लोखंडाच्या ओझ्याखाली दिवसभर तलवार चालवायची कोणी? आणि सर्वांत मोठी कटकट म्हणजे सांधा जुळवणे. नायक दारातून आत येतो ते दृश्य सोमवारी घेतले आणि तोच नायक आतल्या दालनात पाऊल टाकतो ते पंधरा दिवसांनी. मधल्या काळात पागोट्याचा पेच बदलला, शेला डाव्या खांद्यावरून उजव्या खांद्यावर गेला, तर सगळे थिएटर हसेल. यासाठी काकांची एक जाड वही होती. तीत प्रत्येक नटाची मापे, प्रत्येक दृश्यातला पोशाख, कोणता रंग फिल्मवर कसा उतरला याच्या खुणा, कपड्यांचे चिकटवलेले तुकडे, असे सारे नोंदलेले असे. शाळा चौथीपर्यंत झालेल्या माणसाची ती वही होती. आज मला वाटते, तो एक ग्रंथच होता.

काका गेले. काकू आमच्याकडे राहिल्या आणि त्यांच्यामागून ती ट्रंक आमच्या माळ्यावर आली. त्यात काही पोशाख होते, दोन पगड्या होत्या, ते चिलखत होते आणि ती वही होती. १९८१ च्या दिवाळीत घर झाडताना ट्रंक खाली आली. कसर लागलेली, वास मारणारी. गल्लीत जुनी जर विकत घेणारा आला होता. त्याने कपडे पालथेसुलथे करून पाहिले, खोटी जर बाजूला भिरकावली आणि काकांनी जुन्या पैठण्यांचे काठ उसवून अंगरख्यांना लावलेली खरी जर तेवढी घेतली. हे लोक असली जर जाळून तिच्यातली चांदी काढतात. उरलेल्या चिंध्या बोहारणीने नेल्या. वही रद्दीत गेली. आलेल्या पैशांत थोडी भर घालून आम्ही प्रेशर कुकर आणला. तो कुकर आजही आमच्या घरात आहे. चांगला चालतो.

यानंतर दीडच वर्षाने, १९८३ च्या एप्रिलात, बातमी आली की 'गांधी' चित्रपटाच्या वेशभूषेसाठी भानू अथैया यांना ऑस्कर मिळाले. जॉन मोलो यांच्यासह मिळालेला तो मान कोणाही भारतीयाला मिळालेला पहिलाच ऑस्कर होता. भानूबाई मूळच्या राजोपाध्ये. २८ एप्रिल १९२९ रोजी आमच्या कोल्हापुरात जन्मलेल्या. वडील अण्णासाहेब चित्रकार. मुलगी लहान असतानाच ते निवर्तले. ही मुलगी मुंबईच्या जे. जे. स्कूल ऑफ आर्टमध्ये शिकली, १९५३ साली प्रोग्रेसिव्ह आर्टिस्ट्स ग्रुपच्या प्रदर्शनात तिची चित्रे झळकली, 'ईव्हज वीकली'साठी तिने पोशाखांची रेखाटने केली आणि तिथून ती चित्रपटांकडे वळली. 'श्री ४२०', 'प्यासा', 'साहिब बीबी और गुलाम', 'गाइड' या नावांशी तिचे काम जोडलेले आहे. 'आम्रपाली'साठी तिने अजिंठ्याच्या भिंती अभ्यासल्या. आणि 'गांधी'त तर दक्षिण आफ्रिकेतल्या बॅरिस्टरच्या सुटापासून पंचापर्यंतचा अर्ध्या शतकाचा प्रवास कपड्यांतून दाखवायचा होता. त्यातल्या अंत्ययात्रेच्या एकाच दृश्यासाठी तीन लाखांवर माणसे जमली होती म्हणतात.

बातमी आली आणि गावात जो तो 'आमची भानू, आमची भानू' म्हणू लागला. मीही म्हणालो. चारचौघांत छाती काढून म्हणालो. घरी आलो तेव्हा स्वयंपाकघरात कुकरची शिटी वाजली. त्या रात्री मला जेवण गेले नाही.

ही हकीकत मी परवा माझ्या एका मित्राला सांगितली. हा गृहस्थ कॉलेजात मराठी शिकवून निवृत्त झालेला. आम्ही दोघे रोज संध्याकाळी रंकाळ्यावर फिरतो. सगळे ऐकून तो म्हणाला, "लेका, म्हातारपणी हळवा झालास. काका तुझा मोठा माणूस असेल, पण शिंपीकाम ते शिंपीकाम. त्याला कला म्हणू नकोस. कला नटाची, दिग्दर्शकाची." आणि हे एकट्या त्याचे मत नाही. आपल्या समाजातल्या शहाण्यासुरत्या माणसांत दहांपैकी नऊ जण हेच म्हणतील. म्हणूनच मला उत्तर देणे भाग आहे.

पहिली गोष्ट अशी की या देशात चित्रपट जन्माला आला तोच मुळी वेशाच्या जोरावर. १९१३ साली दादासाहेब फाळक्यांनी 'राजा हरिश्चंद्र' केला तेव्हा तारामतीच्या कामाला बाई मिळेना. उपाहारगृहात स्वयंपाक करणाऱ्या अण्णा साळुंके यांना त्यांनी लुगडे नेसवले आणि तारामती उभी केली. १९१७ च्या 'लंकादहना'त तर याच साळुंक्यांनी रामही केला आणि सीताही केली. एकच चेहरा, एकच शरीर. राम कोणता आणि सीता कोणती हे लोकांना पटवून दिले ते कशाने? अभिनय होताच, मी नाकारीत नाही. पण पीतांबर आणि लुगडे यांत काही सामर्थ्य नव्हते असे माझ्या प्राध्यापक मित्राला म्हणायचे आहे काय? आमचे विष्णुपंत पागनीस रंगभूमीवर स्त्रीभूमिकांसाठी गाजले आणि १९३६ साली 'प्रभात'च्या पडद्यावर साक्षात तुकाराम म्हणून उभे राहिले. माणूस तोच. कपडेपटाने त्याला एकदा शालू दिला आणि एकदा साधी बंडी दिली.

दुसरी गोष्ट आमच्या गावाची. बाबूराव पेंटर हे नावच सांगते की या गावचा सिनेमा चित्रकाराच्या कुंचल्यातून निघाला. नाटकांचे पडदे रंगवणारा हा माणूस. त्याने आपल्या चित्रपटांतील पात्रे आणि त्यांचे पोशाख आधी कागदावर रेखाटले, मग कापडावर उतरवले. कापड हे त्याच्या दृष्टीने कॅनव्हासच होते. त्याच्या 'सैरंध्री'त, १९२० साली, गुलाबबाई आणि अनसूयाबाई या दोघींनी कामे केली. पडद्यावर त्यांची नावे कमलादेवी आणि सुशीलादेवी. नावे बदलावी लागली, समाजाने वाळीत टाकल्यासारखे केले आणि त्यांना आसरा घ्यावा लागला तो स्टुडिओच्याच आवारात! ज्या गावाने आपल्या पहिल्या नट्यांना घरात घेतले नाही, ते गाव आपल्या पहिल्या शिंप्यांची आठवण ठेवील ही अपेक्षाच वेडेपणाची, हे मला कळते. परंतु शंभर वर्षे झाली. आता तरी शहाणे व्हायला हरकत नाही.

मित्र हटणारा नव्हे. तो म्हणाला, "मग तुझ्या भानूबाईंनी तरी काय केले? ऑस्कर परत अमेरिकेला देऊन टाकले! हा आपला अपमान नव्हे काय?" होय, २०१२ साली भानूबाईंनी ती मूर्ती अकादमीच्या स्वाधीन केली, सांभाळण्यासाठी. आपल्यामागे ती इथे सुरक्षित राहील याची त्यांना खात्री वाटत नव्हती. रवींद्रनाथांचे नोबेल पदक २००४ साली शांतिनिकेतनातून चोरीला गेले होते, हे त्यांना आठवत होते. १५ ऑक्टोबर २०२० रोजी त्या गेल्या. मूर्ती सातासमुद्रापलीकडे शाबूत आहे. अपमान झाला म्हणता? मी म्हणतो, अपमान झालाच, पण तो त्यांनी केला नाही. आपण ओढवून घेतला. ज्या घरात आजीची ट्रंक जरवाल्याला दिली जाते त्या घरात सोन्याचा मुलामा दिलेली मूर्ती ठेवायला कोण धजेल? मी भानूबाईंच्या जागी असतो तर मीही तेच केले असते. कारण माझ्यासारख्या माणसाला मी चांगला ओळखतो.

मग मित्राने आपला शेवटचा बाण काढला, आणि तो मात्र खरोखर बोचला. आमची शाहूपुरी ही शाहू महाराजांनी १८९५ साली गुळाच्या व्यापारासाठी वसवलेली पेठ; पण गणपतीच्या दिवसांत तिची शोभा असते ती कुंभार गल्लीत. तो म्हणाला, "कुंभार गल्लीत एवढे गणपती होतात. पीतांबर रंगवतात, दागिने रेखतात. अनंत चतुर्दशीला सगळे पाण्यात. कोणी रडतो? काही कला विसर्जनासाठीच असते. कापड कुजणारच. त्याचा शोक करू नये."

मी दोन दिवस विचार केला. उत्तर सापडले तेही कुंभार गल्लीतच. मूर्ती पाण्यात जाते, खरे. पण साचा? साचा कोणी पंचगंगेत सोडत नाही. तो घराच्या आतल्या खोलीत बापाकडून मुलाकडे येतो, डोळ्यांत तेल घालून जपला जातो. पुढच्या वर्षीचा गणपती त्या साच्यातून येतो. काकांची वही म्हणजे साचा होता. तो कसरीने खाल्ला नाही, पुराने नेला नाही. तो मी किलोच्या भावाने विकला.

आणि या पापात मी एकटा नाही, हीच तर खरी दुःखाची गोष्ट. जुन्या चित्रपटांच्या फितींतही चांदीचा अंश असे. कितीतरी मूकपटांच्या आणि बोलपटांच्या फिती त्या चांदीसाठी धुऊन, गाळून संपवल्या गेल्या. 'सैरंध्री' आज पाहायला मिळत नाही. पुण्याला १९६४ साली राष्ट्रीय चित्रपट संग्रहालय निघाले म्हणून जे वाचले ते वाचले. म्हणजे पडद्यावरचे चित्रही आपण चांदीसाठी मोडले आणि त्या चित्रातला अंगरखाही चांदीसाठीच जाळला. दोन्हीकडचा हिशेब केला तर फार तर दोन वाट्या चांदी निघाली असेल.

कोल्हापूरकर निर्दय आहेत असे मी म्हणत नाही. १९४८ च्या जाळपोळीत जयप्रभा स्टुडिओ जळाला आणि भालजींनी तो पुन्हा उभा केला. २०२२ साली तोच जयप्रभा वाचावा म्हणून इथे उपोषणे झाली. ८ ऑगस्ट २०२४ च्या रात्री केशवराव भोसले नाट्यगृहाला आग लागली तेव्हा मोठमोठी माणसे रस्त्यावर उभी राहून लहान मुलांसारखी रडली. शाहू महाराजांनी बांधलेली ती वास्तू पुन्हा उभी राहावी यासाठी मदतीचे हात पुढे आले. गावाला काळीज आहे. पण ते भिंतींसाठी हलते. भिंत दिसते, तिच्यावर पाटी लावता येते, तिच्यापुढे भाषण करता येते. ट्रंकेपुढे भाषण कोण करणार? नव्या राजवाड्यात जाऊन आपण छत्रपतींची वस्त्रे आणि शस्त्रे पाहतो, पाहावीतच. पण ज्यांनी छत्रपती पडद्यावर उभे केले, त्यांच्या हातची एखादी बाराबंदी पाहायची झाली तर या चित्रनगरीत पाहुण्याला मी कुठे घेऊन जाऊ?

सरकारने हे करावे, महापालिकेने ते करावे, अशी लांबलचक यादी मी देणार नाही. मागणी एकच : कोल्हापुरात कपडेपटाचे एक दालन असावे. दोन खोल्या चालतील. तिथे पोशाख असावेत, रेखाटने असावीत, मापांच्या वह्या असाव्यात, आणि दाराशी एक पाटी असावी. तिच्यावर शिंप्यांची, रंगाऱ्यांची आणि गर्दीत उभे राहिलेल्यांची नावे असावीत, जेवढी आज कोणाला आठवतात तेवढी. जितकी वर्षे जातील तितकी ती पाटी लहान होत जाणार आहे.

दालन होईल तेव्हा होईल. तोवर निदान आपल्या घरापुरते तरी करू या. येत्या चार दिवसांत तुमच्या माळ्यावरून एखादी ट्रंक खाली येईल. आजोबा नाटक कंपनीत होते, आत्या तमाशाच्या फडासाठी नऊवारी शिवत असे, मामा गर्दीत काम करीत असे, असे काही त्या ट्रंकेशी जोडलेले असेल. जरीचे वस्त्र पाण्यात घालू नका, प्लॅस्टिकच्या पिशवीत कोंडू नका, डांबराच्या गोळ्या जरीला चिकटून ठेवू नका. जुन्या धुवट मलमलीत गुंडाळा, घडीची जागा वर्षातून एकदा बदला, सावलीत वारा दाखवा. आणि सर्वांत महत्त्वाचे म्हणजे एका चिठ्ठीवर लिहा : हे कोणी शिवले, कोणासाठी, कोणत्या साली. घरात कोणी ऐंशीच्या घरातले माणूस असेल तर फराळाचे ताट पुढे ठेवून त्याला विचारा. पुढच्या दिवाळीला ते विचारता येईलच असे नाही.

माझ्या मित्राला हे सारे वाचून दाखवले. तो बराच वेळ गप्प होता. मग म्हणाला, "आमच्या आईचा एक जुना खण आहे. कुणा नाटकवालीने तिला दिला होता म्हणे. कोण ती, ते मात्र मी कधी विचारले नाही." मी विचारले, "आता कुणाला ठाऊक असेल?" तो म्हणाला, "थोरली बहीण आहे गडहिंग्लजला. भाऊबीजेला जाणारच आहे."

मी म्हटले, "वही घेऊन जा."